फँटसी दुनियेत न दिसणारी गोष्ट कशी मोजायची

मी पहिली फँटसी कथा लिहिली तेव्हा नायकाची आत्मशक्ती 'चारशे' आहे असं ठोकून दिलं होतं. मित्राने वाचलं आणि एवढंच विचारलं, चारशे काय? वाट्या? मला काही सांगता येईना. तेव्हापासून एक पक्कं कळलंय, आकडा सगळ्यात शेवटी येतो, आधी बाकीचं जमवावं लागतं.

पहिलं काम, मोजायची गोष्ट छोटी घ्या. 'आत्मा' नको, त्या शब्दात काहीही बसतं. मी माझ्यासाठी 'ओढ' घेतली. आपण म्हणतो ना, आजीचा त्या पेटीत जीव अडकलाय, तर माझ्या दुनियेत तो खरोखरच अडकतो, मेलेल्या माणसाची ओढ त्याच्या वस्तूत आणि त्याच्या जवळच्या माणसांत मागे राहते. आता ही मोजायची गरज कोणाला? हे ठरवल्याशिवाय पुढे जाऊच नका, कारण नुसती गंमत म्हणून कोणी मोजमाप उभं करत नाही, त्यामागे वाटणी, कर, गहाणवट, भांडण असं काहीतरी असतं. माझ्याकडे भावंडांच्या वाटण्या आहेत, ज्या वस्तूत ओढ जास्त ती घरातल्या थोरल्याला, आणि त्यावरून डोकी फुटतात.

दुसरं, न दिसणाऱ्या गोष्टीमुळे दिसणारं काहीतरी हललं पाहिजे. उष्णता दिसत नाही पण पारा चढलेला दिसतो, तसं. माझ्याकडे दिव्याची ज्योत वस्तूच्या बाजूला कलते. खोलीच्या फटी मेणाने बुजवलेल्या, मोजणारा तोंडाला फडकं बांधून बसलेला कारण नुसत्या श्वासानेही ज्योत हलते, वस्तू दिव्यापासून बरोब्बर एक हात लांब, आणि मागच्या भिंतीवर काजळीने आखलेल्या रेघा. एवढी मांडामांड दाखवली की वाचक आपोआप विश्वास ठेवतो, समीकरणं लिहायची गरज पडत नाही.

तिसरं, पट्टी कसली आहे ते ठरवा, इथे भलेभले गंडतात. खनिजांच्या कठीणपणाची मोहसची पट्टी १८१२ सालची, त्यात शंखजिरं १ आणि हिरा १०, पण ती फक्त कोण कोणावर ओरखडा काढतो ते सांगते. हिरा शंखजिऱ्याच्या दहापट कठीण असं त्यातून निघतच नाही, नववा आणि दहावा यांच्यातलं अंतर तर फारच मोठं आहे. नवीन शास्त्र बहुतेक वेळा इथूनच सुरू करा. ज्योतीच्या दोन्ही बाजूंना दोन वस्तू ठेवायच्या, ज्योत जिकडे कलेल ती वरचढ. अशा दहा वस्तू ओळीने लावल्या की झाली पट्टी, माझ्या पट्टीत तळाला सदऱ्याचं बटण आहे आणि सगळ्यात वर लहान मुलाचा बूट. "याची ओढ त्याच्या दुप्पट" असं कोणी म्हणालं की जाणकार पात्राने तिथेच अडवायचं, मस्त संवाद निघतो.

चौथं म्हणजे चुका. मला विचाराल तर हाच भाग खरा मजेचा. १९०७ मध्ये डंकन मॅकडूगल नावाच्या डॉक्टरांनी मरणाऱ्या ६ माणसांचं वजन केल्याचं छापून आणलं, पहिल्याचं सुमारे २१ ग्रॅम घटलं, बाकीच्यांचे आकडे काही जुळले नाहीत, तरी लोकांच्या तोंडी २१ ग्रॅमच राहिले. तुमच्या दुनियेतही असा एखादा चुकीचा पण गाजलेला आकडा हवाच.

आणि प्रमाण म्हणून तिजोरीत ठेवलेली वस्तू? १८८९ पासून किलोग्रॅम म्हणजे पॅरिसजवळ जपलेला धातूचा एक ठोकळा होता, काही दशकांनी तपासला तर तो आणि त्याच्या नकला यांच्यात सुमारे ५० मायक्रोग्रॅमचा फरक पडलेला, आता नक्की कोण बदललं? शेवटी २०१९ मध्ये त्याला रजा दिली. माझ्याकडे प्रमाण आहे एक किल्ली. ती ज्या बाईची, तिची आठवण असलेली माणसं एकेक करून जातायत, किल्लीची ओढ ओसरतेय, आणि पट्टीवर मात्र जगातल्या बाकी सगळ्या वस्तूंची ओढ वाढलेली दिसतेय.

पाचवं पटकन सांगतो. मापं बोलण्यात झिरपू द्या. घटका म्हणजे २४ मिनिटं, भोकाचं भांडं पाण्यात भरून बुडेपर्यंतचा वेळ, ते भांडं गेलं तरी आपली 'घटका भरली' राहिलीच. 'तोळामासा प्रकृती' तसंच. माझ्या लोकांत कोरड्या माणसाला 'सरळ ज्योतीचा' म्हणतात.

राहिला मोजणारा माणूस. त्याचं कोणी गेलेलं असेल तर ज्योत त्याच्याकडेच झुकणार, म्हणून माझ्याकडे हे काम मुलं करतात, ज्यांचं अजून कोणीच गेलेलं नाही अशी. आता आकडा न वापरता एक प्रसंग लिहून बघा: नऊ वर्षांची मुलगी, बंद खोली, वस्तू अजून आणलेली नाही, आणि ज्योत हळूच तिच्याकडे कलते. बाहेरून निरोप यायला अजून वेळ आहे. ती नोंदवहीत काय लिहील?