बोलोन्यात बाजार फिरून हाताने पास्ता करायला शिकायचं असेल तर

इटलीच्या सहलीत एक सकाळ स्वयंपाकाच्या वर्गाला द्यायची, असं हल्ली बरेच जण ठरवतात. मुक्काम रोम किंवा फ्लॉरेन्सला असतो, त्यामुळे वर्गही तिथलाच धरला जातो. माझं मत विचाराल तर एकच वर्ग करायचा असेल तर तो उत्तर इटलीतल्या बोलोन्यात करा. फ्लॉरेन्सहून वेगवान गाडीने हे अंतर साधारण 40 मिनिटांचं आहे, मिलानहून तासाभराचं. सकाळी निघून संध्याकाळी परत मुक्कामी येता येतं. शहराचा जुना बाजार मुख्य चौकाला, पियात्सा माज्जोरेला, अगदी लागून आहे आणि अंड्यात मळून लाटण्याने लाटलेला पास्ता ही इथली रोजच्या जेवणातली गोष्ट आहे. तो लाटणाऱ्या बाईला इथे ‘स्फोल्यीना’ म्हणतात. दुकानाच्या काचेआड लाटत बसलेल्या स्फोल्यीना रस्त्यावरूनही दिसतात.

आधी वर्ग नीट निवडा

वर्ग मुख्यतः तीन प्रकारचे असतात. पहिला प्रकार स्वयंपाकशाळांचा: ओळीने टेबलं, शिकवणारी व्यक्ती अनुभवी, वेळापत्रक पक्कं. दुसरा कोणाच्या तरी घरी. ‘चेझारीने’ हे घरगुती सुगरणींचं जाळं 2004 साली बोलोन्यातच सुरू झालं आणि आता देशभर पसरलं आहे. घरच्या वर्गात माणसं कमी असतात, गप्पा जास्त होतात आणि जेवण त्यांच्याच टेबलावर होतं. तिसरा प्रकार पर्यटन कंपन्यांचा. त्यात चांगले वर्ग आहेत, पण निव्वळ फोटो काढण्यापुरतेही आहेत. बाजारफेरी, वर्ग आणि जेवण मिळून माणशी साधारण 100 ते 200 युरो लागतात, म्हणून पैसे भरण्याआधी संदेश पाठवून चार गोष्टी विचारून घ्या.

पहिली, प्रत्येकाला स्वतःचा पाट आणि लाटणं मिळणार का? ‘हँड्स-ऑन’ लिहिलेल्या काही वर्गांत आठ जण मिळून एकच गोळा मळतात आणि सहा जण नुसते बघत राहतात. दुसरी, बाजारात आपण खरेदी करणार की फक्त चवी घेत फिरणार? दोन्हीत मजा आहे, पण शिकायचं असेल तर आपण निवडलेली भाजी आपल्याच कढईत पडायला हवी. तिसरी, बेत काय? अडीच तासांत तीन प्रकारचा पास्ता, दोन सॉस आणि तिरामिसू असा भरगच्च बेत दिसला की तो टाळा. एक लांब पास्ता, एक भरलेला पास्ता आणि एखादा साधा सॉस, एवढं पुरतं. चौथी, मांसाचा सॉस म्हणजे रागू असेल, तर तो वर्गात शिजणार की आधीच तयार असणार? चांगला रागू किमान दोन तास मंद आचेवर असतो. तो आधी चढवून ठेवला असेल तर त्यात काही गैर नाही, फक्त सुरुवात कशी होते ते तरी दाखवतात का, हे विचारा.

वेळ सकाळचीच घ्या. दुपारी एकनंतर बरीच दुकानं तीन-चार तास बंद असतात, त्यामुळे दुपारच्या वर्गातली ‘बाजारफेरी’ अर्ध्या उतरलेल्या शटरांमधून होते. रविवारी भाजीबाजार बंद असतो. 15 ऑगस्टच्या फेर्रागोस्तो सणाच्या आसपास तर शहरातले निम्मे लोक समुद्रावर गेलेले असतात.

शाकाहारी असाल तर हे आधीच सांगा

‘शाकाहारी’ एवढ्या एका शब्दावर इथे भागत नाही. इटलीत शाकाहारी म्हणजे मांस आणि मासे न खाणारा. अंडी आणि चीज चालतंच, असं ते धरून चालतात. आणि बोलोन्याचा पास्ता म्हणजे अंडंच. तोर्तेल्लिनी म्हणजे सारण भरलेल्या पास्त्याच्या छोट्या पुरचुंड्या. त्यांच्या सारणात डुकराचं मांस असतं आणि त्या शिजतात मांसाच्या रश्श्यात. त्यांच्याऐवजी ‘तोर्तेल्लोनी’ मागा. या आकाराने मोठ्या असतात, आत रिकोता हे मऊ ताजं चीज आणि पालक किंवा पार्सली, वरून लोणी आणि सेज या सुगंधी झाडाची पानं. चवीत त्या कुठेही कमी नाहीत.

दोन गोष्टी मात्र सहज नजरेतून सुटतात. पार्मिज्यानो रेज्ज्यानो हे चीज वासराच्या पोटातल्या विरजणाने, म्हणजे रेनेटने करतात. त्या नावाचं चीज दुसऱ्या रीतीने करायला नियमानेच परवानगी नाही. ते चालत नसेल तर ‘कालियो वेजेताले’, म्हणजे वनस्पतिजन्य रेनेट लिहिलेलं दुसरं चीज आणायला सांगा. दुसरी गोष्ट ‘स्त्रुत्तो’, म्हणजे डुकराची चरबी. या भागातल्या रोटीसारख्या पियादिनात आणि तळलेल्या क्रेशेंतीनेत ती बहुधा असते. बाजारफेरीत कोणी तुकडा हातात दिला तर आधी विचारा.

अंडंही खात नसाल तर बोलोन्याचा हट्ट सोडा आणि दक्षिणेला, बारीला जा. तिथला ओरेक्येत्ते हा कानाच्या पाळीसारखा पास्ता फक्त बारीक दळलेला गव्हाचा रवा आणि पाणी यांचा असतो. जुन्या बारीच्या गल्ल्यांत बायका दाराबाहेर टेबल मांडून तो करत असतात. कांदा-लसूण नको असेल तर तसं स्पष्ट लिहून कळवा आणि घरगुती वर्ग घ्या. मोठ्या शाळेत एका माणसासाठी बेत बदलणं त्यांना जड जातं.

बाजारात

चौकालगतच्या ज्या गल्ल्यांना ‘क्वाद्रिलातेरो’ म्हणतात, तिथे व्हिया पेस्केरिये वेक्क्ये आणि व्हिया द्रापेरिये या दोन अरुंद रस्त्यांवर मासळी, फळं, चीज आणि मांसाची जुनी दुकानं आहेत. इथे पर्यटकांची गर्दी असते आणि भावही चढे असतात. व्हिया ऊगो बास्सीवरचा ‘मेर्कातो देल्ले एर्बे’ हा 1910 मध्ये उघडलेला छपराखालचा बाजार आहे. रोजची भाजी घ्यायला शहरातले लोक इथे येतात. तुमचा वर्ग इथे नेत असेल तर उत्तम. हातात आणखी एखादा दिवस असेल तर जवळच्या मोदेनातला, 1931 पासूनचा आल्बिनेल्ली बाजार या दोन्हींपेक्षा देखणा आहे.

दुकानात शिरताना ‘बोंजोर्नो’ म्हणा. हे न बोलता थेट भाव विचारणं तिथे उद्धट वाटतं. फळाला हात लावायचा नाही, दाबून बघायचं तर मुळीच नाही. आपल्या मंडईत भेंडीचं टोक मोडून बघण्याची सवय असलेल्यांना हे अवघड जातं, पण नियम पक्का आहे: काय हवं ते बोट दाखवून सांगायचं. आज खायचं की उद्या, तेवढं सांगा, दुकानदार त्या हिशेबाने पिकलेलं किंवा जरा कच्चं काढून देतो. चीज-मांसाच्या काउंटरवर नंबराची चिठ्ठी काढून थांबावं लागतं. आणि तिथे ‘पाव किलो’ची भाषा नाही, ‘एत्तो’ची आहे. एक एत्तो म्हणजे 100 ग्रॅम. फलकावरचा भाव किलोचा आहे की एत्तोचा, हे बघितलं नाही तर बिल बघून डोळे विस्फारतात.

अंडी घेताना कवचावरचा शिक्का वाचा. पहिला आकडा कोंबडी कशी वाढली ते सांगतो: 0 म्हणजे सेंद्रिय, 1 मोकळ्यावर, 2 बंद शेडमध्ये पण पिंजऱ्याबाहेर, 3 पिंजऱ्यात. पास्त्यासाठी ‘पास्ता जाल्ला’ लिहिलेली अंडी मिळतात. त्या कोंबड्यांचा खुराकच असा असतो की बलक गडद केशरी होतो, आणि पास्त्याला येणारा पिवळा रंग तोच. हळद-बिळद काही नाही.

पार्मिज्यानो किमान 12 महिने मुरलेलं असतं. 24 आणि 36 महिन्यांचे तुकडे शेजारी शेजारी चाखून बघा. जुनं जास्त कोरडं, भुसभुशीत आणि तिखटसर असतं. किसायला 24 महिन्यांचं पुरेसं आहे, जुन्याला जास्त पैसे द्यायचे तर ते नुसतं खायला. घरी न्यायचं असेल तर दुकानातच हवाबंद करून घ्या. सालही टाकू नका, धुऊन डाळीच्या सूपमध्ये उकळायला घातली तर तिची चव सूपमध्ये उतरते. बाल्सामिक व्हिनेगरच्या बाटलीवर ‘त्रादित्सियोनाले’ हा शब्द असेल तर ते किमान 12 वर्षं लाकडी पिंपांत मुरलेलं असतं आणि 100 मिलिलिटरच्या ठरावीक आकाराच्या बाटलीतच मिळतं. बाकी स्वस्त बाटल्या सॅलडसाठी ठीक आहेत, पण पास्ता किंवा आइसक्रीमवर चार थेंब टाकायला ते जुनंच लागतं.

पीठ आणि लाटणं

प्रमाण लक्षात ठेवायला सोपं: माणशी 100 ग्रॅम ‘00’, म्हणजे अगदी बारीक दळलेला मैदा आणि 1 अंडं. पाणी नाही, तेल नाही, बोलोन्यात बहुधा मीठही नाही. लाकडी पाटावर पिठाचं आळं करून मधोमध अंडी फोडायची, काट्याने फेटत कडेचं पीठ हळूहळू आत ओढायचं. आपण कणीक मळताना पाण्याचा हबका मारत अंदाज घेतो. इथे उलटं आहे: अंडं जेवढं पीठ ओढून घेईल तेवढं घेऊ द्यायचं आणि उरलेलं खरवडून बाजूला काढायचं. कोरडं वाटलं म्हणून शिकवणाऱ्या बाईच्या नजरेआड पाण्याचा हात लावण्याचा मोह होतो, तो आवरा. दहा-पंधरा मिनिटं तळहाताच्या खालच्या भागाने तिंबत राहिलं की हाच खडबडीत गोळा गुळगुळीत होतो. मग तो झाकून अर्धा तास ठेवायचा. ही अर्ध्या तासाची विश्रांती गाळणारा वर्ग घाईचा समजा, कारण न मुरलेला गोळा लाटताना रबरासारखा मागे येतो.

पोळ्या लाटलेल्या हातांना इथे अर्धा फायदा आहे आणि अर्धा तोटा. गोळा गोल फिरवत ठेवणं आणि कडा जाड राहू न देणं आपल्याला सांगावं लागत नाही. पण तिथलं लाटणं, ‘मात्तारेल्लो’, जवळजवळ मीटरभर लांब आणि सरळ असतं, आणि अंड्याचं पीठ कणकेपेक्षा घट्ट असतं. नुसता दाब देऊन ते पसरत नाही. पातळ होत आलेली चादर लाटण्यावर गुंडाळायची आणि दोन्ही हात मधून टोकांकडे सरकवत पुढे लोटायची, म्हणजे ती ताणली जाते. चादरीचा एक भाग पाटाच्या कडेवरून खाली लोंबू द्यायचा आणि पोटाने अडवून धरायचा. त्या लोंबत्या वजनानेही ती ताणली जाते. पोळीसारखी वारंवार पिठी लावायची नाही, त्याने चादर कोरडी पडते आणि भरलेल्या पास्त्याच्या कडा चिकटत नाहीत. यंत्र फिरवून पट्ट्या काढायचाही पर्याय देतील. तो घेऊ नका, यंत्र घरीही मिळतं. शिवाय लाकडावर लाटलेला पास्ता किंचित खरबरीत होतो आणि सॉस त्याला धरून राहतो.

टालियातेल्ले, म्हणजे लांब चपट्या पट्ट्यांच्या पास्त्यासाठी, चादर थोडी वाळू द्या, मग घडी घालून कापा. रुंदी किती? याचं उत्तर इथे सरकारदरबारी नोंदलेलं आहे: बोलोन्याच्या व्यापारी मंडळात 1972 साली टालियातेल्लेचं माप दाखल झालं, शिजल्यावर 8 मिलिमीटर, म्हणजे शहरातल्या आझिनेल्ली मनोऱ्याच्या उंचीचा 12,270वा भाग. मनोरा 97 मीटरचा आहे, हवं तर हिशेब करून बघा. कच्च्या पट्ट्या सात मिलिमीटरच्या आसपास कापल्या की काम होतं. तोर्तेल्लोनीसाठी मात्र चादर अजिबात वाळू द्यायची नाही. चौकोन कापत जा आणि बाकीची चादर ओलसर फडक्याखाली ठेवा. मुरड घालायचा हात असेल तर कडा बंद करायला दोन-तीन फेऱ्यांत जमतं.

शिजवताना

रागूत टोमॅटो असतो, पण थोडा. कांदा, गाजर आणि सेलरी अगदी बारीक चिरून परततात, मग पान्चेत्ता (डुकराच्या पोटाचं खारवलेलं मांस), गोमांसाचा खिमा, वाइन आणि पुष्कळ वेळ. याचीही अधिकृत कृती 1982 साली नोंदवली गेली आणि 2023 मध्ये तिच्यात दुरुस्ती झाली. गोमांस खात नसाल तर वर्गात तोर्तेल्लोनी आणि लोणी-सेजच घ्या. स्पगेटीवर मात्र हा रागू मागू नका, इथे तो टालियातेल्लेवरच वाढतात.

दर लिटर पाण्याला 10 ग्रॅम मीठ, तेल नाही. ताजा पास्ता दोन-तीन मिनिटांत शिजतो, म्हणून आधी सॉस तयार आणि मंडळी ताटावर बसलेली हवीत. निथळून, धुवायचा नाही, थेट सॉसच्या कढईत.

घरी आल्यावर

आपल्याकडचा साधा मैदा चालतो. थोडा दाताखाली लागावा असं वाटलं तर पाचवा भाग बारीक रवा मिसळा आणि मग गोळा जास्त वेळ मुरू द्या. आपल्याकडची अंडी बहुधा लहान असतात, म्हणून 100 ग्रॅमऐवजी 85-90 ग्रॅम पिठापासून सुरुवात करा आणि लागेल तसं वाढवा. लांब लाटणं सुताराकडून करून घेता येतं, फक्त पॉलिश लावू देऊ नका. कोकणात आणि मुंबईत पावसाळ्यात कापलेल्या पट्ट्या तासन्‌तास वाळत नाहीत. त्या दिवसांत लाटल्याबरोबर शिजवा, किंवा पिठी भुरभुरून, पट्ट्यांची सुटी वेटोळी करून थेट फ्रीझरमध्ये टाका आणि शिजवताना न वितळवता उकळत्या पाण्यात सोडा.