रान पाहावे ते मे महिन्यात

शहरातले बिऱ्हाड मोडून मराठवाड्यातल्या एखाद्या आडगावी स्वतःपुरते पिकवून राहण्याचा ज्यांचा विचार असेल, त्यांनी जमीन मे महिन्यात पाहावी. आम्ही बालाघाटच्या डोंगरपट्ट्यातले आमचे रान श्रावणात पाहिले, तेव्हा विहीर काठोकाठ होती. फाल्गुन सरता सरता त्याच विहिरीत बादली खडकावर आपटू लागली. दोराला दर हातावर गाठ मारून, टोकाला दगड बांधून तो विहिरीत सोडावा आणि वर काढल्यावर ओल्या झालेल्या गाठी मोजाव्यात; मग दिवसभर उपसा करून संध्याकाळी आणि पुन्हा दुसऱ्या सकाळी मोजावे. रात्रीतून जेवढे पाणी चढले, तेवढीच आपली खरी मिळकत. येथे मातीखाली मुरूम आणि त्याखाली बेसाल्टचा कातळ असल्यामुळे पाणी मुरमात व कातळाच्या फटींतच साठते, त्यामुळे शेजाऱ्याच्या बोअरला पाणी लागले म्हणून आपल्यालाही लागेल, असे धरून चालू नये.

पिण्याचे पाणी मात्र छपरावरून मिळते. 50 चौरस मीटर पत्र्यावर 600 मिलिमीटर पाऊस पडला तर 30,000 लिटर पाणी होते. पहिल्या सरींचे सोडून दिले तरी चार माणसांच्या पिण्या-स्वयंपाकाला रोज 30 लिटर या हिशेबाने आठ महिन्यांसाठी लागणारे 7,200 लिटर सहज साठवता येते. टाकीत उजेड शिरू देऊ नये, नाहीतर शेवाळ धरते.

सातबारा, फेरफार (मालकी बदलल्याच्या नोंदी) आणि रस्त्याचा हक्क वकिलाकडून तपासून घ्यावा. महाराष्ट्रात शेतकरी नसलेल्याला परवानगीशिवाय शेतजमीन घेता येत नाही, आणि सातबाऱ्यावर भोगवटादार वर्ग-2, म्हणजे सरकारी परवानगीशिवाय विकता न येणारी जमीन, अशी नोंद असेल तर इसार देण्याची घाई मुळीच करू नये.

पहिल्या वर्षी सोयाबीनच्या भावाकडे पाहू नये, शाळू, म्हणजे रब्बी ज्वारी, पेरावा. माणशी रोज 300 ग्रॅम धरले तर चौघांना वर्षाला साधारण साडेचार क्विंटल ज्वारी लागते, आणि कडब्यावर गाय जगते. वरणाला तूर, तेलाला करडई. मीठ, औषधे आणि वीजबिल यांसाठी रोकड लागतेच, तेव्हा वर्षभराचा खर्च गाठीशी ठेवूनच नोकरी सोडावी.

शाळूची पेरणी ओल उडण्याआधी उरकावी लागते आणि नवख्याकडे बैल नसतात. म्हणून सावड धरावी: शेजाऱ्याच्या रानात दोन दिवस राबले की तिसऱ्या दिवशी त्याची बैलांची तिफण, म्हणजे पेरणीचे अवजार, आपल्या बांधावर येते.