अंडरटेलमध्ये कोणालाच न मारता शेवटपर्यंत जायचंय? मग या चुका टाळा

अंडरटेल हा व्हिडिओ गेम सप्टेंबर 2015 मध्ये आला. टोबी फॉक्सने तो जवळपास एकट्यानेच बनवला, चित्रांमध्ये टेमी चँगचा मोठा हात होता. आजही नवीन लोक तो चालू करतात आणि नेमके त्याच त्याच जागी अडकतात. कोणालाही न मारता अख्खा गेम संपवता येतो एवढं सगळ्यांनी ऐकलेलं असतं, मग मर्सी (दया) बटण दाबत राहायचं एवढंच काम आहे असं वाटतं आणि इथेच गडबड सुरू होते, कारण हा गेम प्रत्येक मोठ्या भांडणात "न मारणं" म्हणजे काय ते बदलतो. एका ठिकाणी नुसतं थांबायचं असतं, दुसरीकडे चक्क पळून जायचं असतं, तिसरीकडे प्रेक्षकांना खूश करायचं असतं, आणि एका ठिकाणी तर मारामारी केल्याशिवाय पुढेच जाता येत नाही. पुढे स्पॉइलर आहेत, शेवटची गोष्ट फोडणार नाही पण बॉस कसे सोडवायचे ते सांगणार आहे, तेव्हा ठरवा.

"थोडं मारून मग सोडू"

सगळ्यात जास्त रन (म्हणजे सुरुवातीपासून खेळलेला एक खेळ) इथे वाया जातात. सुरुवातीच्या रुइन्स या भागात एक बेडूक तुम्हाला सांगतो की एखाद्या मॉन्स्टरला तुम्ही ॲक्टने (मारण्याऐवजी काहीतरी बोलणं-करणं) पटवलंत किंवा मारून मारून अर्धमेलं केलंत तर तो लढायचं सोडून देईल आणि मग त्याला सोडता येईल. सल्ला खोटा नाही, साध्या मॉन्स्टरना चालतो. पण मग रुइन्स सांभाळणारी टोरिएल येते. तिच्याशी बोलायला जावं तर बोलणं कुठेच जात नाही, एकदा स्पेअर केलं (सोडून दिलं) तर काही होत नाही, म्हणून माणूस बेडकाचं ऐकून तिला थोडं मारायला लागतो आणि तिची एचपी (जीव) एका पातळीखाली गेली की पुढचा फटका अचानक प्रचंड लागतो आणि ती मरते. गेमने हे मुद्दाम केलंय.

तिथे करायचं एवढंच की मर्सी, स्पेअर, परत मर्सी, परत स्पेअर. सुरुवातीला नुसते टिंब येतात, काहीच बदललं नाही असं वाटतं, पण तिच्या वाक्यांकडे बघत राहा, ती हळूहळू वितळतेय. वीसेक वेळा तरी करावं लागतं. तुमची एचपी फार खाली गेली की तिच्या आगीचे गोळे स्वतःच तुम्हाला चुकवून जायला लागतात, बघा लक्ष देऊन, हा गेममधला माझा सगळ्यात आवडता तपशील आहे. आणि हो, ती मेली म्हणून जुना सेव्ह लोड करून परत तिला वाचवलंत तर रन वाचतो, पण गेमला ते कळलेलं असतं आणि पुढे भेटणारं एक फूल तुम्हाला ते तोंडावर सुनावतं.

साध्या मॉन्स्टरच्या बाबतीतही मी म्हणेन की फाइट बटण विसरूनच जा. कोणता फटका किती लागेल याचा भरवसा नाही आणि एक जरी मेला तरी ट्रू पॅसिफिस्टचा, म्हणजे कोणालाही न मारता मिळणाऱ्या खऱ्या शेवटाचा रस्ता बंद.

ॲक्टचे पर्याय न वाचता दाबणे

मॉन्स्टरचं नाव पिवळं झालं की स्पेअर करता येतं, हे सगळ्यांना लवकर कळतं. पिवळं कसं करायचं ते कोडं आहे आणि खरा विनोद तिथेच भरलाय. पहिला पर्याय पटापट दाबत गेलात तर अडकाल.

स्नोड्रेकचं उदाहरण घ्या. त्याला स्टँडअप करायचंय. लाफ हा पर्याय समोर दिसतो म्हणून लोक लगेच दाबतात, पण त्याने अजून जोक सांगितलेलाच नसतो! आधी त्याला जोक मारू द्या, त्याचा बबल वाचा, मग हसा, नाव पिवळं. लूक्सला "तुला त्रास देणार नाही" एवढंच ऐकायचं असतं आणि लोक त्याच्या मेनूतला पिक ऑन दाबून बघतात आणि मग तो अजून चिडला म्हणून तक्रार करतात. व्हेजिटॉइडला डिनर म्हटलं की तो हिरव्या भाज्या फेकतो, त्या चुकवायच्या नाहीत, जाऊन खायच्या. हे सरळ सवयीच्या विरुद्ध आहे कारण तोवर तुम्ही पांढरं दिसेल ते चुकवायला शिकलेले असता.

रंगांचं एकदा डोक्यात बसवा: निळा हल्ला आला की अजिबात हलायचं नाही, नारिंगी आला की हलत राहायचं, हिरव्याला हात लावला तर बहुतेक वेळा फायदाच. निळ्यात हलल्यामुळे स्नोडिन या बर्फाळ भागात निम्मी एचपी जाते.

कुत्र्यांच्या जोडीत क्रम महत्त्वाचा आहे. डोगामी आणि डोगारेसा वासावरून ओळखतात, तेव्हा आधी मातीत लोळा, मग त्यांना परत वास घेऊ द्या आणि मगच थोपटा. लोळायच्या आधी थोपटायला गेलात तर उपयोग नाही. लेसर डॉगला एकदा थोपटलं तरी पुरतं पण थांबू नका, त्याची मान वाढत जाते आणि किती वाढते ते स्वतः बघा.

काहीच जमत नसेल तर पळ काढा. फ्ली केल्याने पॅसिफिस्ट रन मोडत नाही, लोक उगाच घाबरतात.

अंडाइनला स्पेअर करत बसणे

टोरिएलकडून शिकलेला धडा इथे उलटा पडतो. अंडाइन ही योद्धा मॉन्स्टर तुमचं हार्ट (भांडणात तुम्ही हलवता ते हृदय) हिरवं करते, हलता येत नाही, फक्त भाल्यांच्या दिशेने ढाल फिरवायची. लोक स्पेअर, स्पेअर, स्पेअर करत बसतात आणि वीस एचपी संपेपर्यंत ती हलत नाही, कारण ती कधीच पटणार नाही. तिने तुमचं हार्ट परत लाल केलं की त्याच क्षणी मर्सीमध्ये जाऊन फ्ली करा आणि उजवीकडे धावत सुटा. पकडलं तर परत थोडं लढायचं, परत लाल झालं की परत पळायचं. मध्ये फोन वाजतो तिथे थोडा श्वास मिळतो. हॉटलँड या तापलेल्या भागात पोचलात की चिलखतात उकडून ती कोसळते आणि शेजारीच पाण्याचा कूलर आहे. ग्लास भरून तिच्यावर ओता. ती पडल्या पडल्या जिंकलो म्हणून तसेच पुढे निघून जाणारे लोक आहेत, काय बोलणार.

पपायरस हा सांगाडा त्या मानाने सोपा. त्याच्याकडून तीनदा हरलात तर तो भांडण न करता जाऊ देतो, तेव्हा निळ्या हार्टच्या उड्या जमत नसतील तर जिवाला फार लावून घेऊ नका.

खायच्या वस्तू लगेच संपवणे

पॅसिफिस्ट रनमध्ये ईएक्सपी (मारल्यावर मिळणारे गुण) मिळत नाही म्हणजे लेव्हल वाढत नाही म्हणजे तुम्ही शेवटपर्यंत वीस एचपीवरच राहता. त्यामुळे खाणं आणि चिलखत याच दोन गोष्टींवर सगळा खेळ. तरीही काही खाणं भूक भागवायला नाही, कोडं सोडवायला आहे.

टोरिएलच्या घरात झोपून उठलात की जमिनीवर बटरस्कॉच-सिनॅमन पायचा तुकडा असतो. तो अख्खी एचपी भरतो म्हणून लोक स्नोडिनमध्येच खाऊन मोकळे होतात. ठेवा तो. मॉन्स्टरांचा राजा आसगोर याच्या समोर खाल्लात तर त्या वासाने तो हेलावतो आणि त्याचा हल्ला आणि बचाव दोन्ही कमी होतात. तसंच रुइन्समध्ये कोळ्यांचा छोटा स्टॉल आहे, स्पायडर डोनट 7 जीला (जी म्हणजे गेममधले पैसे) आणि सायडर 18 जीला मिळतं, त्यातलं एक घेऊन जपून ठेवा. पुढे कोळीण मफेट तुम्हाला जांभळ्या जाळ्यात अडकवते तेव्हा भांडणाच्या मधे तो डोनट खाल्ला की भांडण तिथेच संपतं. तिच्या स्वतःच्या स्टॉलवर तीच वस्तू 9999 जीला आहे, म्हणजे कळलंच असेल. डोनट नसेल तरी घाबरू नका, तिचे सगळे हल्ले झेलून टिकलात की तीच सोडते.

चिलखतासाठी पैसे कमी पडतायत? वस्तू विकत घेणारं एकच दुकान आहे, टेमी व्हिलेजमधलं, तिथे टेमी नावाची मॉन्स्टर दुकान चालवते. वॉटरफॉल या भागात पियानोचं कोडं सोडवलं की एक पुरातन वस्तू दिसते, ती एक कुत्रा खाऊन टाकतो आणि मागे डॉग रेसिड्यू राहतं. ते वापरलं की तुमची बॅग आणखी रेसिड्यूने भरते, ते सगळं टेमीला विका, एक ठेवा, परत भरा, परत विका. 1000 जी भरून टेमीला कॉलेजला पाठवलंत की ती टेमी आर्मर विकायला काढते, सुरुवातीला किंमत 9999 जी, पण तुम्ही जितके जास्त वेळा मेला असाल तितकं ते स्वस्त होतं. नवख्यांसाठी याहून मोठी सवलत कुठल्या गेममध्ये बघितली नाही.

कोड्यांना फार सिरियसली घेणे

पपायरस रंगीत फरशांचं कोडं समजावतो, लाल कसं, पिवळं कसं, निळ्यात पिरान्हा, नारिंगीचा वास, आणि लोक वहीत लिहून घेतात. मशीन चालू झाल्यावर काय होतं ते बघा आणि वही मिटवा. हॉटलँडमध्ये तोच प्रकार परत येतो, वेळेच्या बंधनासकट, पण तिथे हरलात तरी गेम ओव्हर होत नाही. रुइन्समधला एक दगड ढकलून जागेवर राहत नसेल तर त्याच्याशी बोला. हो, दगडाशी. एका विनंतीत ऐकेल असं नाही.

मेटॅटॉन एक्स: मारायचं नाही, रेटिंग वाढवायची

मेटॅटॉन हा टीव्हीवरचा रोबॉट स्टार. समोर वर रेटिंगचा आकडा दिसत असतो आणि तरी लोक फक्त गोळ्या चुकवत बसतात. पोझ, बोस्ट, हील टर्न वापरा, त्याच्याच ब्रँडचं खाणं (ग्लॅमबर्गर वगैरे) आधी विकत घेऊन ठेवा आणि भांडणात खा, प्रेक्षक वेडे होतात. एचपी कमी असताना केलेली पोझ जास्त भाव खाते. मधे तो निबंध लिहायला लावतो, त्याच्या पायांची स्तुती करा. हात-पाय गळून पडल्यावर 10000 चा आकडा गाठला की झालं.

आसगोर, आणि "गेम क्रॅश झाला"

आसगोर सुरुवातीलाच तुमचं मर्सी बटण फोडून टाकतो. इथे मेन्यूत शोधत बसू नका, बग नाही. त्याच्याशी दोन-तीनदा बोला, मग फाइट कराच, शेवटी बटण परत येतं. यामुळे तुमचा पॅसिफिस्ट रन खराब होत नाही.

यानंतर पीसीवर गेम आपोआप बंद होतो. परत उघडलात तर सेव्ह गेल्यासारखा दिसतो, तिथे भलतंच काहीतरी असतं. घाबरून गेम अनइन्स्टॉल करू नका, सेव्हचं फोल्डर डिलीट करू नका! ही गोष्टच तशी आहे, खेळत राहा, तिथे त्याच फुलाशी होणाऱ्या भांडणात मेलात तरी परत विंडो बंद होईल, परत उघडा. शेवटी त्या फुलालाही सोडा, कितीही टोचून बोललं तरी.

आता ज्याला लोक शेवट समजतात तो शेवट नाही. पहिल्यांदा हा न्यूट्रल (मधला) शेवट बघावाच लागतो, मग सेव्ह लोड करून राहिलेल्या मैत्र्या पूर्ण करायच्या. आधी पपायरसच्या घरी डेट, मग अंडाइनच्या घरी, मग अंडाइनचं पत्र अल्फिस या शास्त्रज्ञाला. पपायरसला वगळून सरळ अंडाइनचं दार वाजवलं तर काहीच होत नाही, आणि "अंडाइनचा फोन येत नाही" या तक्रारीचं मूळ बहुतेक वेळा इथेच असतं. परत जायला लांब पडतं म्हणून कंटाळा करू नका, नदीवरचा बोटवाला स्नोडिन, वॉटरफॉल आणि हॉटलँड तिन्हीकडे सोडतो. पत्राची डेट झाली की अल्फिसच्या लॅबमध्ये परत जा, बाथरूमचं दार उघडं असेल. तिथून खाली उतरलात की दुकानं, टेमी, कोणाच्या भेटीगाठी, सगळं मागे राहतं, तेव्हा उरलेली कामं त्याआधी उरका.

हे सगळं करूनही रस्ता उघडत नसेल तर स्टॅट्स उघडून ईएक्सपी बघा. शून्य नसेल तर कुठेतरी कोणीतरी मेलंय आणि सेव्हचा एकच स्लॉट असल्यामुळे मागे जाता येत नाही, टायटल स्क्रीनवरून रिसेट हाच उपाय. पीसीवाल्यांनी मधूनमधून सेव्हचं फोल्डर कॉपी करून ठेवलं तर हा ताप वाचतो. आणि उत्सुकता म्हणून आधी सगळ्यांना मारायचा रस्ता पूर्ण करू नका, त्याचा डाग साध्या रिसेटने जात नाही आणि नंतरचा चांगला शेवटही बदललेला दिसतो.

शेवटच्या दारातून लगेच बाहेर पडू नका, मागे फिरून सगळ्यांना भेटता येतं आणि प्रत्येकाकडे नवीन बोलणं असतं. क्रेडिट्स सुरू झाले की बहुतेक जण कंट्रोलर खाली ठेवतात, पण 2013 च्या किकस्टार्टरला पैसे देणाऱ्यांची नावं तिथे गोळ्यांसारखी अंगावर येतात आणि ती चुकवायची असतात. एकही नाव न लागता निघालात तर स्नोडिनच्या जंगलातलं ते बंद दार उघडतं.