सुरक्षा सेवेची निविदा काढताना विद्यमान कंत्राटदाराला न्याय कसा द्यावा

मुंबईतील एखाद्या शासकीय रुग्णालयाचे किंवा कार्यालयाचे सुरक्षा कंत्राट संपत आले की निविदा तयार करणाऱ्या अधिकाऱ्याकडून दोन प्रकारची चूक होऊ शकते. कामाची माहिती आहे म्हणून जुन्या कंत्राटदाराच्या मापाच्या अटी घातल्या जातात, नाहीतर पक्षपाताचा आरोप नको म्हणून त्याला आडमार्गाने बाहेर ठेवले जाते. दोन्ही गैरच आहेत, कारण विद्यमान कंत्राटदाराला सवलत मागण्याचा हक्क नसला तरी इतरांना लागू असलेल्या लेखी निकषांवरच तपासले जाण्याचा हक्क निश्चितच आहे.

निविदेआधी हे काम निविदेनेच द्यायचे आहे का, ते पाहावे. खासगी सुरक्षा रक्षकांविषयीच्या १९८१ च्या राज्य अधिनियमाखाली बृहन्मुंबई व ठाणे जिल्ह्यासाठी सुरक्षा रक्षक मंडळ आहे, तसेच महाराष्ट्र राज्य सुरक्षा महामंडळही आहे; रक्षक त्यांच्याकडूनही मिळू शकतात. खासगी संस्थेकडे जायचे ठरल्यास खासगी सुरक्षा संस्थांचे नियमन करणाऱ्या २००५ च्या कायद्याखालील वैध परवाना ही अट सर्वांसाठी ठेवावी.

खरा अन्याय बहुधा कामाच्या परिमाणात दडलेला असतो. प्रवेशद्वारावर चोवीस तास एक रक्षक हवा असेल, तर आठ तासांच्या तीन पाळ्यांप्रमाणे आठवड्याला २१ पाळ्या होतात. साप्ताहिक सुट्टी धरून एक रक्षक सहा पाळ्या करतो, म्हणजे रजा न धरताही साडेतीन माणसे लागतात. निविदेत मात्र ‘तीन रक्षक’ एवढेच लिहिलेले असते. जुना कंत्राटदार रिलिव्हरचा, म्हणजे सुट्टीवरच्या रक्षकाच्या जागी येणाऱ्या बदली रक्षकाचा, खर्च धरून दर भरतो, नवखा तीनच माणसांचा हिशेब करतो आणि प्रामाणिक दर ‘महाग’ ठरून बाद होतो. म्हणून ठिकाण, पाळी आणि रिलिव्हरसह एकूण मनुष्यबळ यांचा तक्ता निविदेतच द्यावा. तसे केल्याने जुन्याला असलेली आतली माहिती नव्यालाही मिळते आणि स्पर्धा दोन्ही बाजूंनी खरी होते. निविदापूर्व बैठकीतील प्रत्येक प्रश्नाचे उत्तर शुद्धिपत्रकाद्वारे सर्वांसाठी प्रसिद्ध करावे.

किमान वेतन, भविष्य निर्वाह निधी, कर्मचारी राज्य विमा आणि बोनस हे भाग स्पर्धेबाहेर ठेवून स्पर्धा फक्त सेवाशुल्कावर, म्हणजे कंत्राटदाराच्या स्वतःच्या मोबदल्यावर घ्यावी, आणि शून्य सेवाशुल्काची निविदा ग्राह्य धरू नये. शून्य शुल्काची तोशीस शेवटी रक्षकाच्याच पगारावर पडते. राज्यात किमान वेतनावरील महागाईशी निगडित विशेष भत्ता दर सहा महिन्यांनी सुधारतो. नवी निविदा रेंगाळली म्हणून जुन्या कंत्राटदाराला जुन्याच दराने मुदतवाढीवर मुदतवाढ देणे आणि वाढीव भत्त्याचा भार त्याच्यावर टाकणे अन्यायकारक आहे. भत्त्यातील फरकाच्या प्रतिपूर्तीचे कलम मूळ करारातच असावे.

पूर्वीच्या कामाचे मूल्यमापन हजेरीपट, घटनांच्या नोंदी आणि दंडाचे लेखी आदेश यांवरूनच करावे. कोणाच्या तरी तोंडी नाराजीवरून गुण कापू नयेत. अनुभव प्रमाणपत्र मागणारे कार्यालय आणि ते देणारे कार्यालय एकच असेल, तर ते प्रमाणपत्र अडवून ठेवणे म्हणजे थेट अपात्र ठरवण्यासारखेच आहे.

मुंबई विमानतळावरील उपाहारगृहाच्या निविदेतून आलेल्या रमणा दयाराम शेट्टी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९७९ मध्ये सांगितले, की प्राधिकरणाने स्वतः जाहीर केलेले पात्रतेचे निकष त्याला स्वतःलाही बंधनकारक असतात. त्यामुळे लिफाफे उघडल्यावर निकष सैल किंवा कडक करू नयेत. सेवेत खरोखर कसूर झाली असेल, तर योग्य कार्यवाही करावी; पण काळ्या यादीत टाकायचे असल्यास तसा विचार आहे हे कारणे दाखवा नोटिशीतून स्पष्ट कळले पाहिजे. २०१४ चा गोरखा सिक्युरिटी सर्व्हिसेस प्रकरणातील निकाल याच क्षेत्रातील असल्याने तो मूळातून वाचावा.

काम दुसऱ्याला गेल्यास हस्तांतरणाची तारीख आठवडाभर आधी तरी लेखी कळवावी. रक्षकांचे पगार व निधीची चलने तपासून सुरक्षा अनामत करारातील मुदतीत परत करावी, आणि कपात करायची असल्यास रकमेसह कारण नमूद करणारा आदेश काढावा.