तुटलेला जबडा आणि सातवं अक्षर

मी बीडीएस. इंटर्नशिपला रात्री-अपरात्री आर्च बार (तुटलेला जबडा स्थिर ठेवायला दातांना तारेने बांधायची पट्टी) बांधलेत, तारा पिळताना हातमोजा फाटून बोटात घुसलेल्या आठवतात. आता पुण्यात बसून अमेरिकेतल्या पेशंटचे चार्ट कोड करते, म्हणजे डॉक्टरांच्या नोंदी वाचून प्रत्येक निदानाला आयसीडी-१०-सीएम या यादीतला कोड देते. टीममध्ये जबड्याचा चार्ट आला की तो न विचारता माझ्याकडे सरकतो. आणि तरी पहिल्या वर्षी ऑडिटमध्ये माझे सगळ्यात जास्त मार्क गेले ते जबड्यावरच. फ्रॅक्चर बरोबर, बाजू बरोबर, कोडचं शेवटचं, सातवं अक्षर चूक.

आधी एक चार्ट समोर घेऊ. समजा, एक माणूस सायकलवरून हनुवटीवर आपटला. समोर सिम्फिसिस (हनुवटीचा मधला भाग) तुटलं, आणि धक्का हाडातून मागे जाऊन डावा कॉन्डाइलही (कानापुढच्या सांध्यातलं जबड्याचं टोक) गेला. हनुवटीच्या माराला ही जोडी नेहमीची, त्यामुळे नोटमध्ये एकच फ्रॅक्चर दिसलं तर मी ओपीजीचा (पूर्ण जबड्याच्या एक्स-रेचा) रिपोर्ट पुन्हा उघडते आणि शंका आली तर डॉक्टरांना क्वेरी टाकते. खालच्या जबड्याची फ्रॅक्चर एस०२.६ खाली येतात. डावा कॉन्डाइल एस०२.६१२, उजवा एस०२.६११. सिम्फिसिस मधोमध असल्यामुळे त्याला बाजू नाही, म्हणून सहाव्या जागी एक्स भरायचा: एस०२.६६एक्स. तो एक्स विसरलात तर सातव्या जागेचं अक्षर सहाव्या जागी बसतं आणि कोड बाद.

आता सातवी जागा. इथलं अक्षर सांगतं, ही भेट इलाजाच्या कुठल्या टप्प्यातली. मी चुकत होते ती इथे. सर्जनने पेशंटला पहिल्यांदा पाहिलं की ‘ए’ आणि दुसऱ्यांदा पाहिलं की ‘डी’, असं मी धरून चालले होते. भेट कितवी आणि डॉक्टर नवा की जुना, याचा इथे संबंध नाही. त्या दिवशी इजेवर प्रत्यक्ष इलाज चालू होता, की इलाज होऊन आता हाड भरतंय का ते बघणं चालू होतं, एवढंच विचारा. इमर्जन्सीतली भेट ‘ए’. दोन दिवसांनी सर्जनने तपासून ऑपरेशन ठरवलं, तेही ‘ए’. प्लेट बसवली तो दिवसही ‘ए’. आठवड्याने टाके बघितले, पुढे ओपीजी काढून हाड पाहिलं, सहाव्या आठवड्यात तारा काढल्या: सगळं ‘डी’. मधेच पेशंटने गाव बदललं आणि टाके नव्या डॉक्टरने पाहिले, तरी ‘डी’च. म्हणजे आपल्या माणसाच्या फॉलोअपला एस०२.६६एक्सडी आणि एस०२.६१२डी.

‘पोस्ट-ऑप’ शब्द दिसला की नवख्यांचा हात झेड४७-झेड४८ या आफ्टरकेअरच्या, म्हणजे ऑपरेशननंतरच्या देखभालीच्या, कोडकडे जातो. जाऊ देऊ नका. इजेच्या आफ्टरकेअरला झेड कोड लागत नाही, इजेचाच कोड ‘डी’ लावून द्यायचा.

हाड उशिरा भरत असेल तर ‘जी’, जुळलंच नाही तर ‘के’. पण तसं डॉक्टरांनी लिहिलेलं हवं. एक्स-रे बघून आपण ठरवायचं नाही. मला हे फार जड गेलं. दात असलेल्या भागातून गेलेलं फ्रॅक्चर हिरडी फाटून तोंडात उघडं असतं, हे मी हातांनी अनुभवलंय. पण नोटमध्ये ‘ओपन’ लिहिलेलं नसेल तर पहिल्या भेटींना उघड्या फ्रॅक्चरचा ‘बी’ नाही, ‘ए’च. डेंटिस्टच्या तोंडाला तार बांधून कोडरने टाइप करायचं. आणि हातापायाच्या फ्रॅक्चरवरून आलेल्यांनो, तुमचं मॅलयुनियनचं (हाड वाकडं जुळल्याचं) ‘पी’ इथे शोधू नका, एस०२ मध्ये ते नाहीच.

दोन भेटी हमखास फसवतात.

पाचव्या महिन्यात पेशंट हनुवटीखाली सूज घेऊन आला, प्लेटला इन्फेक्शन. इतके दिवस ‘डी’ लावत आलो म्हणून इथेही बोट ‘डी’वर जातं. पण इन्फेक्शनवर इलाज आज सुरू झालाय, म्हणून पहिला कोड टी८४.६९एक्सए. फ्रॅक्चर अजून भरतंय असं नोटमध्ये असेल तर ते खाली ‘डी’ने.

दुसरी भेट वर्षाने. हाड भरलंय, पण पुढचे दात मिटत नाहीत, पोळीचा तुकडा तुटत नाही (अमेरिकेत पिझ्झाचा, पण माझ्या डोळ्यांसमोर पोळीच येते). हा ओपन बाइट जुन्या फ्रॅक्चरमुळे आहे असं डॉक्टरांनी लिहिलं असेल तर आधी आजची तक्रार, एम२६.२२०, आणि मग ज्या फ्रॅक्चरमुळे ती झाली ते, जुन्या इजेचा मागे राहिलेला परिणाम सांगणारा ‘एस’ शेवटी लावून, एस०२.६१२एस. हा क्रम उलटा करायचा नाही. जबड्याचा सांधा आखडला असेल तरी हीच रीत, डावीकडे एम२६.६१२ आधी. इथे एम२६.६१२ आणि एस०२.६१२ शेजारी शेजारी येतात. शेवटचे तीन आकडे तेच, त्यामुळे घाईत एकाच्या जागी दुसरा चिकटवला जातो. मी हे दोन कोड टाइप न करता यादीतून निवडते.

सायकलवरून पडल्याचा कोड फॉलोअपलाही देता येतो, त्याचंही अक्षर मग ‘डी’. कुठे पडला आणि काय करत होता, ते वाय९२ आणि वाय९३ मात्र पहिल्या भेटीलाच, एकदाच.