जुने इंग्रजी उद्गार मराठी रंगमंचावर आणताना

ठाण्यात आणि वाशी-नेरूळकडे जुनी इंग्रजी नाटके मराठीत आणू पाहणारे हौशी गट आहेत, महाविद्यालयीन मंडळे आहेत आणि घरी बसून नाट्यवाचन करणारे रसिकही आहेत. त्यांच्या संहितांमध्ये स्वगतांवर मेहनत घेतलेली दिसते आणि विनोदही बरेचदा नीट उतरलेला असतो, पण पात्राच्या तोंडी 'झाउंड्स', 'ईगॅड', 'मॅरी' किंवा 'बाय जोव्ह' आले की सरसकट 'अरे देवा' लिहून अनुवादक पुढे सरकतो. हा आळस नाटकाला महागात पडतो, असे माझे ठाम मत आहे. पात्र कोणत्या घरातले आहे, ते किती धीट आहे आणि समोरच्याला किती मानते, हे त्याच्या लांबलचक भाषणापेक्षा एका उद्गारातून लवकर कळते. म्हणून या शब्दांवर काम कसे करावे, हे येथे सविस्तर मांडत आहे.

प्रथम या उद्गारांची जात ओळखावी. 'अलास', 'फाय', 'टश', 'पशॉ' हे निव्वळ उद्गार आहेत. त्यांच्यामागे दुसरा शब्द लपलेला नाही, त्यामुळे 'हाय हाय', 'छी', 'छट्', 'हॅः' अशा मराठी उद्गारांवर प्रसंग पाहून काम भागते. दुसरी जात झाकलेल्या शपथांची आहे आणि खरी अडचण तिथे आहे. ईश्वराचे नाव व्यर्थ घेऊ नये ही ख्रिस्ती धर्मातील आज्ञा आहे. ती मोडल्याचा दोष लागू नये, पण मोडल्याची चव मात्र तोंडाला राहावी, म्हणून इंग्रजी बोलणाऱ्यांनी शब्द कापले, वाकवले आणि त्यांना नवे रूप दिले. 'झाउंड्स' म्हणजे देवाच्या जखमा, अर्थात क्रुसावरील ख्रिस्ताच्या जखमा, आणि 'स्ब्लड' म्हणजे त्याचे रक्त. 'गॅडझूक्स'मध्ये क्रुसाचे खिळे असावेत, असे मानतात. 'मॅरी' हे कुमारी मरियेचे नाव आहे. 'ब्लायमी' म्हणजे देव मला आंधळे करो, 'स्ट्रूथ' म्हणजे देवाचे सत्य, तर 'गॉश' आणि 'गॉली' ही देवाच्या इंग्रजी नावाचीच वेषांतरे आहेत. 'क्रायकी'मध्ये ख्रिस्त दडलेला आहे, आणि 'डार्न' व 'हेक' यांच्यामागे अनुक्रमे शाप आणि नरक आहेत.

हे झाकणे केवळ भक्तिभावातून आले नव्हते, त्यात दंडाचाही भाग होता. 1606 मध्ये इंग्लंडच्या संसदेने नाटकवाल्यांसाठी कायदा केला. रंगमंचावर ईश्वराचे, ख्रिस्ताचे, पवित्र आत्म्याचे किंवा त्रैक्याचे (पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा या तिघांचे मिळून) नाव थट्टेने किंवा अवमानाने उच्चारले, तर प्रत्येक वेळी 10 पौंड दंड होता, आणि त्यातील अर्धी रक्कम फिर्याद करणाऱ्याला मिळत असे. प्रेक्षागृहात बसलेल्या कोणालाही यातून पैसे मिळू शकत होते, ही गोष्ट ध्यानात घेतली की नाटक मंडळ्यांची सावधगिरी समजते. आपल्याकडेही प्रयोगाआधी संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे पाठवावी लागते, त्यामुळे लेखणी कुठे आवरावी हा प्रश्न मराठी नाटकवाल्याला परका नाही.

या कायद्यातून अनुवादकासाठी पहिले व्यावहारिक काम निघते, आणि ते म्हणजे हातात कोणती प्रत आहे हे तपासणे. 'ऑथेल्लो' 1622 मध्ये स्वतंत्र पुस्तक म्हणून छापले गेले आणि 1623 मध्ये शेक्सपिअरच्या समग्र नाटकांच्या मोठ्या ग्रंथात पुन्हा आले. पहिल्या छापणीत नाटकाचा पहिलाच शब्द रॉडरिगोच्या तोंडचा 'टश' आहे आणि त्याला उत्तर देताना नाटकाचा खलनायक इयागो 'स्ब्लड' म्हणतो. दुसऱ्या छापणीत हे दोन्ही शब्द गेले आहेत. आजच्या आवृत्त्यांचे संपादक यातील एक पाठ निवडतात किंवा दोन्हींची सांगड घालतात. ज्याच्या हातात धुतलेला पाठ आहे, तो 'अहो, पण तुम्ही ऐकून घ्याल तर ना!' असे लिहील आणि त्यात त्याची काही चूक नसेल. पण मूळ इयागो पहिल्या वाक्यालाच शिवराळ आहे, आणि 'च्यायला, ऐकून तर घ्या!' असे लिहिले की हा माणूस मानाने 'तुम्ही' म्हणत असला तरी आतून कसा आहे, ते पडदा वर जाताच दिसते.

इथे 'च्यायला' का चालतो, हे नीट समजून घेतले पाहिजे, कारण सगळ्या पद्धतीचे मर्म त्यातच आहे. मराठीत देवाचे नाव उद्गार म्हणून घेणे पाप नाही, उलट पुण्याचे आहे. 'शिव शिव', 'राम राम राम', 'पांडुरंगा' आणि 'अरे देवा' यांतून हतबलता, खेद किंवा शरणागती व्यक्त होते. 'झाउंड्स' म्हणणारा सरदार मात्र हतबल नसतो, तर तो मर्यादा ओलांडत असतो. त्यामुळे तिथे 'अरे देवा' लिहिले की पात्र उलटे होते आणि मस्तवाल माणूस एकदम देवळाच्या पायरीवर येऊन बसतो. 'देवाच्या जखमा!' असे शब्दशः लिहिल्यास प्रेक्षकाला काहीच बोध होत नाही. मराठी माणूस मर्यादा ओलांडतो ती देवावरून नव्हे, तर आईवरून, बापावरून, कुळावरून आणि मरणावरून, आणि त्याने झाकलेले शब्दही तिथलेच आहेत. 'च्यायला' हे आईवरच्या शिवीचे कापलेले रूप आहे. जुन्या पिढीतले गृहस्थ सहज म्हणत तो 'शिंच्या' हादेखील शिंदळीवरून आलेल्या शिवीचा संक्षेप आहे, आणि तो ऐकताना आज कोणाला मूळ शब्द आठवतही नाही. म्हणजे शब्द झाकण्याची कला आपल्याकडे पूर्वीपासून आहे. अनुवादकाने इंग्रजीत काय झाकले आहे ते पाहावे, आणि मराठीत तितक्याच जाडीचे पांघरूण घेतलेला शब्द शोधावा.

मात्र एक भेद सांभाळावा लागतो. जुन्या इंग्रजी शपथा बहुधा समोरच्या माणसावर पडत नाहीत, त्या हवेत सोडलेल्या असतात. मराठीत 'च्यायला' तसा हवेत सोडता येतो, पण 'शिंच्या', 'मेल्या' आणि 'मुडद्या' ही संबोधने आहेत आणि ती कोणाला तरी लागतात. वरिष्ठासमोर पात्र 'स्ब्लड' म्हणते म्हणून तिथे 'शिंच्या' घातले, तर मूळ नाटकात नसलेला अपमान घडतो आणि पुढच्या प्रवेशात त्याचा परिणाम दिसत नाही म्हणून प्रेक्षक गोंधळतो.

स्त्रीपात्रांसाठी मराठीकडे वेगळेच धन आहे, आणि अनुवादक ते फार कमी वापरतात याचे मला वाईट वाटते. 'मेलं', 'मेली', 'जळ्ळं मेलं' हे शब्द मरणावरून आले असले, तरी सांसारिक स्त्रीच्या तोंडी ते इतके मुरलेले आहेत की त्यांत राग, लाड आणि कंटाळा सगळे मावते. 'द मेरी वाइव्ह्ज ऑफ विंडसर' या नाटकात मिसेस पेजला एका माणसाचे नाव आठवत नाही आणि ती 'व्हॉट द डिकन्स' असे म्हणते. हा डिकन्स म्हणजे कादंबरीकार नव्हे, कारण नाटक 1602 मध्ये छापले गेले आणि चार्ल्स डिकन्स 1812 मध्ये जन्मला. इथे सैतानाचे नाव टाळण्यासाठी एक साधे आडनाव पुढे केले आहे. मराठीत यासाठी सैतानही नको आणि आडनावही नको: 'काय मेलं त्याचं नाव, आठवतच नाही!' इंग्रजीत उद्गार वेगळा तुकडा म्हणून बसतो, तर मराठीत तो वाक्याच्या पोटात जातो, हेही या उदाहरणावरून ध्यानात येईल. 'कुठे मेलं ते पत्र?', 'कोण मेला आला आता?' या रचनांचा मोकळेपणाने उपयोग करावा आणि प्रत्येक उद्गार वाक्याच्या सुरुवातीला स्वल्पविराम देऊन ठेवण्याची सवय सोडावी.

यानंतर पात्राची सामाजिक पायरी ठरवावी. शपथ ही पायरीची खूण आहे, याचा उत्तम पुरावा 'हेन्री चौथा' या नाटकाच्या पहिल्या भागात आहे. हॉटस्पर आपल्या पत्नीला, केटला, म्हणतो की तू हलवायाच्या बायकोसारखी गुळमुळीत शपथ घेतेस, सरदारणीला शोभेल अशी तोंडभर शपथ घे. मराठीत हा प्रवेश करताना केटच्या तोंडी 'गळ्याशपथ' किंवा 'खरंच हो' असे मऊ बोल हवेत, आणि हॉटस्परची शपथ उच्चारताना नटाचे तोंड खरोखर भरले पाहिजे. दोघांनाही एकच 'देवाशपथ' दिली, तर नवऱ्याची तक्रारच निरर्थक ठरते. पुढे 1745 च्या कायद्याने ही पायरी दंडाच्या आकड्यांत मांडली. शपथ उच्चारणारा मजूर, साधा शिपाई किंवा खलाशी असेल तर 1 शिलिंग, त्याहून वरचा पण सभ्य गृहस्थांच्या खालचा असेल तर 2 शिलिंग आणि सभ्य गृहस्थ असेल तर 5 शिलिंग दंड होता. अनुवादकानेही पात्रांची अशीच यादी करून प्रत्येकासमोर त्याच्या तोंडी शोभणारे दोन-तीन शब्द लिहून ठेवावेत. 'बाय जोव्ह' म्हणणाऱ्या एकोणिसाव्या शतकातील सुखवस्तू गृहस्थाला 'वा!', 'कमाल आहे!' शोभते. 'ब्लायमी' म्हणणाऱ्या लंडनच्या कष्टकऱ्याला 'आयला' चपखल बसते, आणि 'क्रायकी' ओरडणाऱ्या शाळकरी पोराला 'आईशप्पथ' द्यावे. 'गॉश' म्हणणारी मुलगी 'अय्या' म्हणेल, तिची आजी 'अगंबाई'.

काळही पाहावा. बर्नार्ड शॉचे 'पिग्मॅलियन', जे मराठी प्रेक्षक 'ती फुलराणी' या रूपांतरातून ओळखतात, ते 1914 मध्ये लंडनला आले तेव्हा फुले विकणाऱ्या एलायझाच्या तोंडच्या 'ब्लडी' या एका शब्दाने खळबळ माजली होती. आजच्या इंग्लंडमध्ये तोच शब्द दिवसभर सहज कानांवर पडतो. अनुवाद करायचा तो 1914 च्या दिवाणखान्यातील धक्क्याचा. या शब्दाचा उगम मरियेच्या नावात आहे असे अनेक ठिकाणी सांगतात, पण कोशकार ती व्युत्पत्ती मान्य करत नाहीत, त्यामुळे तिच्यावर अनुवाद उभारू नये.

शब्दशः भाषांतर जिथे योग्य ठरते अशी एक जागा मात्र आहे. शेरिडनच्या 1775 मधील 'द रायव्हल्स' या नाटकात बॉब एकर्स नावाचा गावाकडचा जमीनदार विषयानुसार नव्या शपथा घडवतो. प्रवासाचे बोलणे चालू असेल तर चाबूक आणि चाकांची, द्वंद्वाचे असेल तर बंदुकीच्या चापाची आणि गारगोटीची. शपथ अर्थाचा प्रतिध्वनी असावी, असे त्याचे तत्त्व आहे. या शपथा त्याच्या काळातही कोणाच्या तोंडी नव्हत्या, त्यामुळे मराठीत रुळलेला शब्द दिला की पात्रच हरवते. इथे 'चाबूक-चाकांची आण!' असेच नवे घडवावे.

भाषांतर करायचे की रूपांतर, हा निर्णय मात्र पहिल्या पानाआधी झालेला असावा. देवलांनी 'ऑथेल्लो'चे 'झुंझारराव' केले, तिथे माणसेच मराठी झाली, त्यामुळे त्यांच्या तोंडी आपले देव स्वाभाविक ठरतात. पण व्हेनिसचा शिपाई व्हेनिसचाच ठेवला असेल, तर त्याला खंडोबाची आण घालायला लावू नये. बेलभंडार उचलणे तर रूपांतरातही जपून वापरावे, कारण ती खरी, बांधून घेणारी शपथ आहे, तोंडातून सहज निसटणारा उद्गार नव्हे. रूपांतर घणसोलीच्या आगरी घरात किंवा दिवाळ्याच्या कोळीवाड्यात नेणार असाल, तर तिथले उद्गार टेबलाशी बसून रचू नयेत. त्या गावातल्या वडीलधाऱ्यांसमोर संहिता वाचावी आणि ते या जागी काय म्हणतील, हे त्यांच्याच तोंडून ऐकावे. त्याचप्रमाणे ठाण्यातील जुन्या ख्रिस्ती कुटुंबांपैकी कोणी परिचित असेल, तर ख्रिस्ताच्या जखमांचा उल्लेख त्यांना कसा लागतो, हे विचारून घेणे सभ्यपणाचे आहे आणि अनुवादाला उपयोगाचेही आहे, कारण मूळ प्रेक्षकाला बसलेल्या धक्क्याचा अंदाज त्यांच्याकडूनच येईल.

जुन्या मराठीचा साठा हवा असेल, तर 1893 पासून चालत आलेल्या ठाण्याच्या मराठी ग्रंथसंग्रहालयासारख्या ठिकाणी बसून शंभर वर्षांपूर्वीची नाटके चाळावीत आणि मोल्सवर्थच्या कोशात प्रत्येक उद्गाराची छटा पडताळावी. छटा न पाहता शब्द उचलणे धोक्याचे असते. 'हात्तिच्या' हा शब्द कानाला जोरकस वाटतो, म्हणून कोणी तो 'झाउंड्स'ला देईल. पण मराठी माणूस 'हात्तिच्या, एवढंच ना!' असे म्हणतो. त्यात अपेक्षाभंग आहे, त्वेष नाही, आणि तो 'पशॉ'साठी राखून ठेवावा.

शेवटची परीक्षा कानाची असते. 'झाउंड्स' एका झटक्यात फुटतो, त्यामुळे त्याच्या जागी आलेला मराठी शब्द लांब असेल तर नटाला मागचे वाक्य आखडावे लागते. गडकरी रंगायतन किंवा वाशीचे विष्णुदास भावे नाट्यगृह यांसारख्या मोठ्या प्रेक्षागृहात शेवटच्या रांगेपर्यंत जोडाक्षर स्पष्ट पोचते का, हे तालमीत एकाला मागे उभे करून पाहावे. प्रत्येक अवघड जागी संहितेत दोन पर्याय लिहावेत, नटाला दोन्ही बोलायला लावावेत, आणि एक पर्याय ठरला की त्या पात्राच्या पुढील सर्व प्रवेशांतून शब्दांचे तेच घराणे चालू आहे ना, हे पहिल्या पानापासून पुन्हा तपासावे.