मुलांना आयर्लंडच्या शाळेत घालताना

डब्लिन असो, कॉर्क असो की गॉलवे, शाळेत प्रवेशासाठी जाल तेव्हा गणवेश कुठे मिळतो आणि शाळा किती वाजता सुटते हे तुम्ही विचारालच. त्याच भेटीत आणखी एक गोष्ट मागून घ्या: शाळेचं 'बी किनॉल्ता' धोरण. मुलांमधली दादागिरी आणि छळ रोखण्यासाठी शिक्षण खात्याने ठरवलेली ही कार्यपद्धती २०२५-२६ च्या शालेय वर्षापासून सगळ्या शाळांना लागू आहे. वर्णद्वेषातून होणारा छळही तिच्यात येतो. धोरण शाळेच्या वेबसाइटवर असतंच, तरी तोंडी मागा. आपण मागितलं की या आईबापांना हा विषय महत्त्वाचा वाटतो हे प्रिन्सिपलना कळतं, आणि ते कसं उत्तर देतात त्यावरून आपल्याला शाळा कळते.

इथे वर्णद्वेष आहे का, असं नवीन आलेलं प्रत्येक कुटुंब विचारतं. आहे. शेजारीपाजारी प्रेमळ असतात, बसमधून उतरताना लोक ड्रायव्हरला 'थँक यू' म्हणतात, हे सगळं खरं आहे. आणि २०२५ च्या जुलैमध्ये डब्लिनच्या टाला भागात एका भारतीय माणसाला जबर मारहाण झाली, हेही खरं आहे. त्यानंतर भारतीय दूतावासाला १ ऑगस्टला आपल्या लोकांसाठी सावधगिरीची सूचना काढावी लागली आणि फिनिक्स पार्कमधला 'इंडिया डे' पुढे ढकलावा लागला. त्या उन्हाळ्यातल्या बऱ्याच घटनांमध्ये त्रास देणारी टोळकी कोवळ्या वयाच्या पोरांची होती, असं मार खाल्लेल्यांनी सांगितलं. मला तेव्हापासून हीच गोष्ट सलते. ही पोरं इथल्याच शाळांमध्ये शिकतात. आपल्या मुलांच्या शेजारच्या बाकावर बसतात. पोलीस आणि कायदा घटना घडून गेल्यावर येतात. त्याच्या आधी काही होऊ शकत असेल तर ते वर्गात. म्हणून नवीन येणाऱ्यांना मी डाळ-तांदळाच्या दुकानाच्या आधी शाळेबद्दल सांगते.

कुणीतरी हमखास म्हणतं, "अहो, पण इथे तर आपला वराडकर पंतप्रधान झाला ना?" झाले. लिओ वराडकरांचे वडील मुंबईहून आलेले डॉक्टर, मूळ गाव मालवण तालुक्यातलं वराड. लिओ २०१७ मध्ये पंतप्रधान झाले आणि २०१९ च्या डिसेंबरमध्ये त्या गावाला जाऊनही आले. त्याचा अभिमान मलाही आहे. पण पंतप्रधानपदावर एक माणूस पोचला म्हणून दुसरीतल्या मुलीला मधल्या सुट्टीत कोणी तिच्या रंगावरून बोलणार नाही, असं होत नाही.

आता शाळेने काय करायचं असतं ते सांगते, कारण हे माहीत नसलं की आपण फार थोड्यावर समाधान मानतो. आयर्लंडने २००५ मध्ये प्राथमिक आणि २००६ मध्ये माध्यमिक शाळांसाठी आंतरसांस्कृतिक शिक्षणाची मार्गदर्शक तत्त्वं काढली. तेव्हा पोलंड, नायजेरिया, फिलिपिन्स, भारत अशा कितीतरी ठिकाणांहून कुटुंबं नुकती येऊ लागली होती. त्या तत्त्वांचा गाभा असा: हा वेगळा विषय नाही, तो इतिहास, भूगोल, गणित, भाषा सगळ्यांत मिसळायला हवा. तो फक्त परदेशी मुलांसाठी नाही. ज्या वर्गात सगळी मुलं आयरिश आहेत तिथे तर तो जास्तच हवा. वेगळेपण ही नेहमीचीच गोष्ट आहे हे मुलांना शिकवायचं, आणि त्याच्या जोडीला अन्याय दिसला तर तो ओळखायला आणि त्याबद्दल बोलायलाही शिकवायचं. यातला दुसरा भाग सोपा नाही, त्यामुळे बऱ्याच शाळांत तोच गळतो.

मग उरतो काय? वर्षातून एक दिवस. मुलांनी आपापल्या देशाचे कपडे घालायचे, आयांनी समोसे करून न्यायचे, भिंतीवर झेंडे लावायचे. मीही पुरणपोळ्या नेल्या आहेत, मुलांनी आवडीने खाल्ल्या. तुम्हीही जरूर न्या. फक्त त्या दिवशी शिक्षकांना शांतपणे विचारा की बाकीच्या वर्षात या विषयावर काय होतं. वाचनालयात निरनिराळ्या रंगांच्या मुलांची पुस्तकं आहेत का? १८४५ नंतरच्या मोठ्या दुष्काळात जहाजं भरभरून गेलेल्या आयरिश माणसांचा धडा शिकवताना, परक्या बंदरात त्यांना कशी वागणूक मिळाली हे सांगितलं जातं का? आणि आज इथे येणाऱ्यांशी त्याचा संबंध वर्गात कोणी जोडतं का? माझ्या अनुभवात या शेवटच्या प्रश्नावर शिक्षक खुलतात. आयरिश माणसाला स्थलांतर समजावून सांगावं लागत नाही. त्याच्या घरातच कोणीतरी बॉस्टनला किंवा सिडनीला गेलेलं असतं.

शाळा यात खरंच काम करते का हे बघायचं असेल तर दारावर 'येलो फ्लॅग' आहे का ते बघा. शाळेत सगळ्या संस्कृतींच्या मुलांना बरोबरीची जागा मिळावी म्हणून हा उपक्रम आहे. तो ट्रॅव्हलर या इथल्या पूर्वापार भटक्या समाजाची 'आयरिश ट्रॅव्हलर मूव्हमेंट' ही संस्था चालवते. झेंडा मिळवायला शाळेला ठरलेले टप्पे पार करावे लागतात, आणि त्यात शिक्षकांचं प्रशिक्षणही येतं. झेंडा नाही म्हणून शाळा वाईट ठरत नाही, पण असला तर बोलायला निमित्त मिळतं.

धर्माचा प्रश्न वेगळा आहे, थोडक्यात सांगते. इथल्या दहापैकी जवळजवळ नऊ प्राथमिक शाळा कॅथलिक चर्चच्या अखत्यारीत आहेत. जागा कमी असल्या की बाप्तिस्मा झालेल्या मुलांना आधी घ्यायचं, ही पद्धत २०१८ च्या कायद्याने कॅथलिक शाळांत बंद झाली, तेव्हा त्या भीतीने कोणी मुलाचा बाप्तिस्मा करून घेऊ नका. धर्माच्या तासाला न बसण्याचा हक्क राज्यघटनेने दिला आहे. मात्र तेवढा वेळ आपलं मूल काय करणार हे आधीच विचारा, कारण पुष्कळदा ते मागच्या बाकावर चित्रं रंगवत बसतं. दुसरीच्या वर्षी पहिल्या कम्युनियनची, म्हणजे कॅथलिक मुलांच्या एका धार्मिक विधीची, तयारी सुरू झाली की हा वेळ बराच वाढतो. 'एज्युकेट टुगेदर'च्या किंवा कम्युनिटी नॅशनल स्कूलच्या शाळा कोणत्याही एका धर्माच्या नसतात, तिथे हा प्रश्न येत नाही. जवळ असली तर अर्ज लवकर करा.

आता मुख्य मुद्दा. एक दिवस मूल घरी येऊन सांगेल, किंवा सांगणारही नाही, नुसता डबा तसाच परत आणेल. आधी ऐका. "दुर्लक्ष कर, आपण परक्या देशात आहोत" हे वाक्य आपल्या तोंडी पटकन येतं. ते गिळून टाका. त्या वाक्यातून मुलाला एवढंच कळतं की त्याच्यापेक्षा इथे राहणं महत्त्वाचं आहे. मग त्याच संध्याकाळी क्लास टीचरना ईमेल करा. तारीख, जागा, कोण काय म्हणालं ते मुलाच्याच शब्दांत, शिवी असेल तर शिवीसकट. खाली लिहा की हे वर्णद्वेषी वागणं आहे असं आम्हाला वाटतं आणि त्याची नोंद त्याच नावाने व्हावी. हे नक्की लिहा. नाहीतर 'मुलामुलांतली भांडणं' म्हणून प्रकरण मिटतं.

शाळा म्हणेल की एकदाच घडलं, तर ती दादागिरी होत नाही. नियमाच्या भाषेत हे बरोबर आहे. दादागिरी ठरायला वागणं पुन्हा पुन्हा घडावं लागतं. पण एकदाच झालेला प्रकारही शाळेच्या वर्तन नियमावलीत येतो, आणि तिच्याखाली कारवाई मागता येते. दादागिरी ठरली तर शाळेने दोन्ही घरांशी बोलून, वीस शालेय दिवसांच्या आत पुन्हा आढावा घ्यायचा असतो. तारीख कॅलेंडरवर लिहून ठेवा. समाधान झालं नाही तर प्रिन्सिपल, मग बोर्ड ऑफ मॅनेजमेंट, म्हणजे शाळेचं व्यवस्थापन मंडळ, आणि त्यानंतर मुलांसाठीचा ओम्बड्समन, म्हणजे तक्रारींची चौकशी करणारा अधिकारी. दुसऱ्या मुलाला शिक्षा व्हावी यापेक्षा वर्गात या विषयावर काय शिकवणार, हे मागा. ज्या मुलाने शिवी दिली त्यालाही ती कुठून तरी मिळालेली असते.

सगळंच वर्णद्वेष नसतं, हेही सांभाळा. डब्यात दाण्याचं कूट घातलेली साबुदाण्याची खिचडी परत आली तर रागावू नका. ॲलर्जीमुळे बऱ्याच शाळांत शेंगदाणे आणि काजू-बदाम चालतच नाहीत.

शाळेबाहेर घरमालकाने, दुकानदाराने भेदभाव केला तर 'इक्वल स्टेटस' कायदा आहे. घटनेपासून दोन महिन्यांत समोरच्याला लेखी कळवायचं, आणि घटनेपासून सहा महिन्यांच्या आत वर्कप्लेस रिलेशन्स कमिशनकडे तक्रार करायची. नावात वर्कप्लेस असलं तरी अशा भेदभावाच्या तक्रारीही हीच सरकारी यंत्रणा ऐकते. मुदत चुकवू नका. मारहाण किंवा धमकी असेल तर गार्डा, म्हणजे इथले पोलीस, नंबर ९९९ किंवा ११२. 'आयरिपोर्ट' या वर्णद्वेषी घटनांची नोंद ठेवणाऱ्या वेबसाइटवरही घटना नोंदवा. पोलिसांकडे जायची हिंमत होत नसली तरी तिथे नोंद राहते.

एवढं सांगून मी थांबू शकले असते, पण आपल्या घराबद्दल बोलले नाही तर ते अर्धवट राहील. इथे येऊन सहा महिने झाले नाहीत तोवर आपली माणसं ट्रॅव्हलर समाजाबद्दल बोलायला लागतात: ते चोर असतात, त्यांच्या मुलांशेजारी बसू नकोस. हे आपण शेजाऱ्यांकडून उचलतो, तपासून बघत नाही. ट्रॅव्हलर हे याच मातीतले लोक. सरकारने त्यांना स्वतंत्र वांशिक समूह म्हणून मान्यता दिली ती २०१७ च्या मार्चमध्ये. तोवर आणि त्यानंतरही त्यांना हॉटेलात टेबल नाकारलं जातं, त्यांच्या मुलांकडून वर्गात कमी अपेक्षा ठेवली जाते. आपल्या मुलीला रंगावरून बोललं तर पेटून उठणाऱ्या आईने घरात त्यांच्याबद्दल असं बोलायचं, हे मला सहन होत नाही. आणि गणपतीच्या कार्यक्रमात नवीन माणसाला आडनाव विचारून, ते 'कळलं नाही' की गाव विचारायचं, गावावरूनही अंदाज आला नाही की देव विचारायचा, हेही मुलं बाजूला उभी राहून ऐकत असतात. आफ्रिकन मित्राला वाढदिवसाला बोलवायचं म्हटल्यावर आजीच्या चेहऱ्यावर काय उमटतं, तेही त्यांना दिसतं. शाळा तीस मुलांना जे शिकवेल ते आपल्या घरात एका वाक्यात पुसलं जाऊ शकतं.

शेवटी एक काम. प्राथमिक शाळेच्या बोर्ड ऑफ मॅनेजमेंटवर आठ जण असतात, त्यातले दोन पालकांनी निवडून दिलेले. मुदत चार वर्षांची. आत्ताची बोर्डं २०२३ च्या डिसेंबरपासून आहेत, म्हणजे पुढची निवड २०२७ मध्ये. सध्या पेरेंट्स असोसिएशनच्या सभेला जायला लागा, केक विक्रीच्या टेबलाशी उभे राहा, लोकांना तुमचा चेहरा ओळखीचा होऊ द्या. निवडणुकीचं पत्र मुलाच्या दप्तरातून येईल तेव्हा त्यावर आपलं नाव घाला. इंग्रजी अडखळत असलं तरी घाला. 'बी किनॉल्ता' धोरणाचा आढावा दरवर्षी बोर्डाच्याच टेबलावर होतो.